सुपर दीडशे

आमच्या स्वप्नाचं लग्न ख्रिस्ती मुलाशी ठरलं, तेव्हा अडचणी कुठून येतील याची मी आणि माझी पत्नी विनया, दोघांनी बसून रीतसर यादी केली होती. यादीत माझे थोरले भाऊ होते, विनयाच्या माहेरची मंडळी होती, चर्चचे फॉर्म होते, आणि जेवणाचा मुद्दा तर दोनदा अधोरेखित केलेला होता. प्रत्यक्षात थोरले भाऊ "मुलगा नोकरीला आहे ना?" एवढंच विचारून गप्प बसले. फादरांनी दोन भेटींत परवानगीचे कागद हातात ठेवले. जेवणाचा प्रश्न दोन वेगळ्या पंगतींनी सुटला. अडचण आली ती माझ्या विजारीतून, आणि विजार आमच्या यादीत नव्हती.

ही २००२ सालची गोष्ट. आम्ही तेव्हा वसई पूर्वेला एव्हरशाईन सिटीत राहत होतो. मुलगा युजीन पश्चिमेचा, निर्मळच्या रस्त्याला त्यांची वाडी. बोलणी करायला युजीनचे वडील इग्नेशियस आणि आई व्हेरोनिका आमच्याकडे आले. व्याह्यांना हाक काय मारायची यावर आदल्या दिवशी आमच्या घरात चर्चा झाली होती. नुसतं इग्नेशियस म्हणणं उद्धटपणाचं, अंकल म्हणावं तर ते माझ्याहून सात वर्षांनीच मोठे. शेवटी मी त्यांना इग्नेशियसराव म्हणायचं ठरवलं. ते ऐकून ते पहिल्यांदा जरा दचकले, मग त्यांनी मला जयवंतराव म्हणायला सुरुवात केली आणि आम्ही दोघेही अवघडून का होईना, समपातळीवर आलो.

इग्नेशियसराव फोर्टातल्या एका जुन्या दुकानात चाळीस वर्षं कटर होते. कटर म्हणजे माप घेऊन सुटाचं कापड बेतणारा आणि कापणारा माणूस. शिवणारे त्याच्या हाताखाली. हे मला नंतर कळलं असं मी म्हणणार नाही. मला पहिल्या दिवसापासून माहीत होतं. पुढे जे काही झालं ते पूर्ण माहितीनिशी झालं, हे आधीच कबूल केलेलं बरं.

चहा पिताना त्यांची नजर माझ्या खांद्यावरून निघाली, छातीवरून खाली आली, पोटापाशी जरा थांबली आणि घोट्याला जाऊन संपली. निघताना दारात चपला घालता घालता ते म्हणाले, "जयवंतराव, लग्नाला सूट लागेल तुम्हाला. मी शिवीन म्हणतो. माप घ्यायला कधी येऊ?"

"नको नको," मी म्हटलं. "माझं ठरलंय."

"शिवायला टाकलाय?"

"म्हणजे तसंच समजा."

"मग हरकत नाय," असं म्हणून ते गेले.

माझं काहीही ठरलेलं नव्हतं. माझ्याकडे एक सफारी होता, तोही बटणं आणि काजं यांच्यात पंधरा वर्षांपासून मतभेद असलेला. पण मुलीच्या बापाने मुलाच्या बापाच्या हातचे कपडे घालून मांडवात उभं राहायचं, म्हणजे काय? आमच्या कोकणात असं ऐकलंय का कोणी? आणि त्या पोटापाशी थांबलेल्या नजरेचं काय? मी विनयाला म्हटलं, "सूट मी स्वतः निवडणार. आणि असा निवडणार की चाळीस वर्षं कात्री चालवलेल्या माणसाने बोट लावून बघितलं पाहिजे."

"अहो, ते प्रेमाने म्हणत होते," विनया म्हणाली.

प्रेमाचा प्रश्नच नव्हता. प्रश्न गुणवत्तेचा होता, आणि गुणवत्ता हा माझा विषय. गोखिवऱ्याच्या एका रंगाच्या कारखान्यात मी गुणवत्ता नियंत्रण अधिकारी होतो. तेवीस वर्षं एकही डबा माझ्या सहीशिवाय फाटकाबाहेर गेलेला नाही. जो माणूस भिंतीच्या रंगाची पारख करू शकतो त्याला अंगावरच्या कापडाची करता येणार नाही, असं समजणं हा विज्ञानाचा अपमान आहे.

विज्ञानाच्या मदतीला प्रथम आमचे शेजारी जगन्नाथराव आले. ते समोरच्या दारात राहायचे आणि आमचं दार उघडं दिसलं की सल्ला द्यायचे. एका मिलच्या रवानगी विभागातून ते निवृत्त झाले होते. तिथे कापडाच्या गाठींवर लेबलं लावून त्यांनी वस्त्रोद्योगाचा सखोल अभ्यास केला होता.

"लोकरीचा सूट घेताय ना? मग नंबर बघा," ते म्हणाले.

"कसला नंबर?"

"सुपर नंबर. सुपर हंड्रेड, सुपर एकशेवीस, सुपर दीडशे. कापडाच्या किनारीवर छापलेला असतो. नंबर जेवढा मोठा तेवढी लोकर तलम."

"हा नंबर ठरवतात कसा?"

जगन्नाथराव क्षणभर थांबले. मग म्हणाले, "दीडशे मेंढ्यांतून एक निवडतात."

हे मला पटलं. आपल्याकडे नोकरभरती याच पद्धतीने होते.

मग सुपर शंभर घ्यावा की सुपर दीडशे, हा प्रश्न सोसायटीच्या मासिक सभेत निघाला. टाकीच्या गळतीचा विषय संपल्यावर कोणालाच घरी जायची घाई नव्हती. तळमजल्यावरच्या लीलाताईंचं म्हणणं होतं की टेरीकॉट घ्या, पावसाळ्यात लवकर वाळतं. लग्न जानेवारीत होतं. बाकी सगळ्यांचं एकमत झालं की दीडशे मिळत असताना शंभर घेणं म्हणजे डिस्टिंक्शन सोडून पास क्लासला समाधान मानणं. मध्यमवर्गीय माणसाला दोन आकडे दाखवले की तो मोठ्याकडे बघतो. आकडा कशाचा आहे हे तो नंतर विचारतो, आणि विचारण्याआधी बहुधा वस्तू घरी आलेली असते.

स्टेशनजवळ रमेशशेठचं सूटिंग-शर्टिंगचं दुकान होतं. रमेशशेठने गादीवर आमच्यासमोर एक गडद निळं कापड उलगडलं आणि काही न बोलता किनार पुढे केली. तिच्यावर सोनेरी अक्षरांत सुपर दीडशे लिहिलेलं होतं. मी कापडावरून हात फिरवला. खरं सांगतो, मांजरीच्या पोटावरून फिरवल्यासारखं वाटलं.

"ह्यात दोनशेसुद्धा असतो?" मी तज्ज्ञासारखं विचारलं.

"असतो साहेब, पण तो वसईत कोण घालणार?" रमेशशेठ म्हणाला. मग त्याने दुसरं ठाण ओढलं. "रोजचं उठणं-बसणं असेल तर हे बघा, सुपर हंड्रेड. जरा भरीव आहे, टिकेल."

त्याने मला रोज उठणाऱ्या-बसणाऱ्या माणसांत जमा केलं, हे मला आवडलं नाही. मी दीडशेवर बोट ठेवलं.

"हे धुवायचं कसं?" विनयाने विचारलं.

"धुवायचं नाही, वहिनी," रमेशशेठ म्हणाला, आणि विनयाने माझ्याकडे ज्या नजरेने पाहिलं ती मी अजून विसरलेलो नाही.

कापड घरी आलं. दोन दिवस मी ते कपाटातून काढून बघत होतो. तिसऱ्या दिवशी मला शंका आली. किनारीवर सोनेरी अक्षरं छापायला काय लागतं? आमच्या रंगाच्या डब्यांवर आम्हीही काय काय छापतो हे मला ठाऊक होतं. एका जुन्या व्यापारी मासिकात मला लोकरीवरचा लेख सापडला. त्यात लिहिलं होतं की हा नंबर धाग्यातल्या एकेका केसाच्या जाडीवरून ठरतो आणि ती जाडी मायक्रॉनमध्ये मोजतात. सुपर शंभरला पावणेएकोणीस मायक्रॉनपर्यंत चालते, सुपर दीडशेला सव्वासोळाच्या वर चालत नाही. माणसाचा केस याच्या चौपट जाड असतो. मेंढ्यांच्या निवडणुकीचा लेखात उल्लेख नव्हता.

मायक्रॉन. हा शब्द वाचून मला स्वतःच्या घरी परत आल्यासारखं वाटलं. मायक्रॉन मोजायचा सूक्ष्मदर्शक माझ्याच प्रयोगशाळेत, माझ्याच टेबलापासून आठ पावलांवर होता.

पण गुणवत्ता नियंत्रण अधिकाऱ्यालाही प्रयोगशाळेत मनाला येईल ते तपासता येत नाही. तसा नियम होता, आणि तो मीच केला होता. प्रत्येक नमुन्याला मागणीपत्र लागायचं, मालाचा प्रकार लागायचा, आणि नमुना दहा सेंटीमीटर लांब-रुंद असावा अशी अट होती. आमच्या प्रयोगशाळेतली केमिस्ट अक्षदा माझ्या हाताखाली तयार झालेली मुलगी. मी खिशातून निळ्या कापडाचा एक धागा काढून तिच्यापुढे धरला. ती म्हणाली, "सर, एका धाग्यावर रिपोर्ट कसा देऊ? तुम्हीच मागच्या महिन्यात लॅबमधल्या विघ्नेशला यावरून मेमो दिला होता."

मेमो दिला होता खरा. मी घरी जाऊन कात्रीने कोपऱ्यातून दहा बाय दहाचा तुकडा कापला. दुसऱ्या दिवशी कळलं की नमुने दोन लागतात, एक तपासायला आणि एक वादासाठी राखून ठेवायला. ही अटही माझीच. मी दुसरा तुकडा कापला. पहिला तुकडा अक्षदाने ठरलेल्या पद्धतीप्रमाणे आधी द्रावणात बुडवला आणि मग लक्षात आलं की सुकल्यावर त्याचा घोंगडीसारखा नमदा झालाय. मी तिसरा तुकडा कापला. मागणीपत्रात मालाच्या प्रकारात कापड नव्हतंच, म्हणून तिने 'रंगद्रव्य, निळे, तंतुमय' असं लिहिलं.

आठवड्याने रिपोर्ट आला. त्यावर शिक्का होता आणि माझीच सही होती. सरासरी जाडी : सोळा पूर्णांक एक मायक्रॉन. पाण्यात विद्राव्यता : नाही. वाळण्याचा काळ : लागू नाही. झाकण्याची क्षमता : चांगली.

माझं कापड अस्सल सुपर दीडशे होतं, हे आता कागदावर सिद्ध झालं होतं. मी रिपोर्ट लॅमिनेट करून घेतला.

साखरपुड्याचं जेवण व्याह्यांच्या घरी होतं. केळीच्या बागेत टेबलं मांडली होती, विहिरीजवळ मोगऱ्याचे वाफे होते, आणि मंडळी इतकी प्रेमळ की माझ्या ताटातलं कमी होतच नव्हतं. जेवणानंतर मी रिपोर्ट इग्नेशियसरावांपुढे ठेवला. म्हटलं, सहज बघा. आणि सहज म्हणत म्हणत मी त्यांना मायक्रॉन म्हणजे काय, मेंढीच्या केसाचा व्यास किती, सुपर नंबर कसा वाचावा हे सगळं वीस मिनिटं समजावून सांगितलं. चाळीस वर्षांच्या कटरला. स्वप्ना समोर बसून टेबलक्लॉथची नक्षी मोजत होती.

इग्नेशियसरावांनी चष्मा लावला. रिपोर्ट वरपासून खालपर्यंत वाचला.

"झाकण्याची क्षमता चांगली आहे," ते म्हणाले. "पँटीला तेच महत्त्वाचं."

मी त्यांच्या चेहऱ्याकडे निरखून पाहिलं. तो गंभीर होता.

"कापड किती आहे?" त्यांनी विचारलं.

"सव्वातीन मीटर होतं. थोडं तपासणीत गेलं."

"कुठून कापलं?"

"कोपऱ्यातून. तीन वेळा."

त्यांनी डोळे मिटले आणि उघडले. एखादा डॉक्टर दुसऱ्याच्या रोग्याचा एक्स-रे बघून गप्प राहतो, तसे ते गप्प राहिले. मग म्हणाले, "हलका माल आहे जयवंतराव. शिवणाऱ्याला सांगा, सुई बारीक लावायला. आणि इस्त्री वाफेवर, वर कापड ठेवून. काही लागलं तर सांगा."

"सगळं ठरलंय," मी म्हटलं.

एव्हरशाईनमधल्या ज्या टेलरकडे मी कापड दिलं तो शाळेचे गणवेश झकास शिवायचा. त्याने कापड हातात घेतलं आणि पहिलं वाक्य बोलला, "साहेब, हे सुईखाली पळतंय." दुसऱ्या दिवशी निरोप आला की कोपरे नसल्यामुळे बेतायला कापड कमी पडतंय, कोट नीट निघेल पण पँटीच्या आसनाला, म्हणजे बसायच्या जागी, घट्ट होईल. मी म्हटलं, मी थोडं कमी जेवीन. लग्नाला तीन आठवडे होते आणि रोज कोणी ना कोणी आमचं केळवण करत होतं.

सूट आला. आरशात मी स्वतःला चारी बाजूंनी पाहिलं आणि मान्य करायला हवं, पहिली दहा मिनिटं तो फार सुंदर दिसला. अकराव्या मिनिटाला मी खुर्चीवर बसलो. उठलो तेव्हा गुडघ्यांमागे आणि पोटावर इतक्या सुरकुत्या पडल्या होत्या की विनयाने विचारलं, "आताच कुठून प्रवास करून आलात?"

जगन्नाथराव दार उघडं बघून आत आलेच होते. ते म्हणाले, "इस्त्री कडक लागते ह्याला. मिलमध्ये आम्ही असंच करायचो." मिलमध्ये त्यांनी फक्त लेबलं लावली होती, हे त्या क्षणी मला आठवायला हवं होतं. वीज गेली होती, म्हणून त्यांनी स्वतःच्या घरून कोळशाची इस्त्री आणली, पाणी शिंपडलं आणि आसनावर मनापासून दाबली. सुरकुत्या गेल्या. त्या जागी हाताच्या पंजाएवढी चमक आली. मागून पाहिलं तर मी जणू एखादं पितळी भांडं बांधून निघालो होतो.

"कोट लांब आहे, झाकलं जाईल," जगन्नाथराव म्हणाले आणि इस्त्री घेऊन गेले. कोट तितका लांब नव्हता.

लग्नाच्या आदल्या दिवशी सकाळी चर्चमध्ये तालीम होती. मुलीच्या वडिलांनी मुलीला हाताला धरून आत कसं आणायचं, कुठे थांबायचं, कुठे बसायचं, हे फादर समजावून सांगणार होते. विनयाने सांगितलं होतं, साध्या कपड्यांत जा. पण मला सुटात चालायचा सराव हवा होता. मी सूट घालून स्कूटरवर बसलो, स्वप्नाला मागे घेतलं आणि पश्चिमेला गेलो. वाटेत दोन खड्ड्यांमध्ये आसनाकडून काही सूचना आल्या, त्यांच्याकडे मी दुर्लक्ष केलं.

चर्चमध्ये पंधरा-वीसच माणसं होती, सगळी त्यांच्याकडची. इतकी शांतता की बाहेर केळीची पानं हललेली ऐकू येत होती. मी स्वप्नाला घेऊन आत गेलो. चाल चांगली झाली. फादरही म्हणाले, चाल चांगली झाली. मग ते म्हणाले, "आता इथे सगळे गुडघे टेकतील. तुम्ही नाही टेकले तरी चालेल, बसून राहा."

बसून राहिलो असतो तर ही गोष्ट इथे संपली असती. पण सगळी मंडळी गुडघ्यांवर आणि मी एकटा वर, हे मला बरं दिसेना. उगाच कोणाला वाटायचं, हे लोक आपला मान राखत नाहीत. मीही समोरच्या फळीवर गुडघे टेकले.

आवाज फार मोठा नव्हता. कोणी जुनं वर्तमानपत्र मधोमध फाडावं तेवढाच. पण त्या शांततेत तो वरच्या घंटेपर्यंत गेला असावा.

"आता उठा," फादर म्हणाले.

सगळे उठले. मी उठलो नाही.

फादर थांबले. त्यांना वाटलं, माझी प्रार्थना चाललीय. एका अर्थी चाललीच होती. पुढच्या बाकावरच्या एक वयस्क बाई मागे वळून माझ्याकडे बघून शेजारणीला हळूच म्हणाल्या, "किती भाव आहे बघ." स्वप्ना खाली वाकून कुजबुजली, "बाबा, काय झालं? बरं वाटतंय ना?" मी तिला काय सांगणार? ज्या मुलीला मी लहानपणी उभं राहायला शिकवलं, तिच्यापुढे मला उभं राहता येत नव्हतं. नाकाच्या शेंड्यापर्यंत गरम झालेलं मला जाणवत होतं, आणि पाठीमागे नको तिथे गार.

मग माझ्या मागे कोणीतरी येऊन उभं राहिलं. खांद्यावर हात पडला आणि इग्नेशियसरावांचा हलका आवाज आला. "उठा. मी मागे आहे. सरळ दरवाजाकडे चला, माझ्या चालीने."

मी उठलो. आम्ही दोघे एकामागोमाग एक, एकाच पावलाने चालत, अख्खं चर्च पार करून बाहेर आलो. बघणाऱ्यांना तालमीचाच भाग वाटला असेल. बाहेर येईपर्यंत ते माझ्यापासून चार बोटंसुद्धा लांब गेले नाहीत.

"कसं कळलं तुम्हाला?" मी विचारलं.

"आवाजावरून. शिवण उसवली तर वेगळा आवाज येतो. हे कापड गेलं."

त्यांचं घर पाच मिनिटांवर होतं. ओसरीवर जुनं शिवणयंत्र, लांब टेबल, भिंतीला कात्र्या. त्यांनी मला घरातली एक लुंगी दिली. तिच्यावर पिवळी फुलं होती. विजार त्यांनी उजेडाला धरली. फाटलेली जागा बरोबर जगन्नाथरावांच्या इस्त्रीखालची होती.

"शिवता येईल?" मी विचारलं.

"कशाला शिवू? धागाच भाजलाय. आणि मुळात तुमच्या कामाचा नव्हता." त्यांनी कडेचा एक धागा ओढून माझ्या हातात दिला. "तुटतो का बघा."

तो माझ्या हातात तुटला. मी जरासुद्धा जोर लावला नव्हता.

"तुमचा रिपोर्ट खरा आहे," ते म्हणाले. "सोळा मायक्रॉन. पण तो केस किती बारीक आहे ते सांगतो. किती दिवस टिकेल ते नाय सांगत. पूर्वी एक पौंड लोकरीतून सुताच्या किती लडी निघतात ते मोजायचे, त्यावरून हे नंबर आले. जितकी बारीक तितकी मऊ, आणि तितकीच नाजूक. असा सूट गाडीतून उतरून गालिच्यावर चालणाऱ्याने घालावा. आमच्याकडे एक शेट यायचे, त्यांचे असले आठ होते. एक घातला की आठवडाभर त्याला विश्रांती. तुम्ही स्कूटरवाले. तुम्हाला सुपर हंड्रेड, तोही उभा-आडवा दुहेरी धागा, जरा वजनदार. चुरगळला तरी टांगला की सकाळी सरळ."

रमेशशेठही हेच म्हणाला होता, हे मी त्यांना सांगितलं नाही.

"हे तुम्ही साखरपुड्याला का नाही बोललात?"

"तुम्ही लॅमिनेट करून आणला होतात," ते म्हणाले.

मी पिवळ्या फुलांच्या लुंगीत, वर कोट आणि टाय अशा अवस्थेत त्यांच्यासमोर उभा होतो. तेवीस वर्षं मी कोणाच्याही मदतीशिवाय कामं केली, असा माझा समज होता. मी म्हटलं, "इग्नेशियसराव, माझी विजार शिवाल का?"

त्यांनी गळ्यातली टेप काढली. "हात वर करा," ते म्हणाले.

घरात मांडवाचा दिवस होता. आमच्या मापाच्या दरम्यान त्यांची मामेबहीण आली, दोन चुलते आले, बॅण्डवाले किती वाजता यायचं ते विचारायला आले. व्हेरोनिकाबाई प्रत्येकाला माझी ओळख करून देत होत्या, "हे स्वप्नाचे वडील." आणि प्रत्येक जण लुंगीकडे न बघण्याचा इतका प्रयत्न करत होता की मला त्यांचीच दया आली. अर्ध्या तासाने मीच लुंगी सावरून नमस्कार करायला लागलो. माणूस किती लवकर सरावतो याचं मला आश्चर्य वाटलं. दुपारी माझ्या ताटात पुन्हा काही कमी होत नव्हतं, आणि कमी जेवायचं आता कारण उरलं नव्हतं.

त्यांनी कपाटातून राखाडी कापडाचा एक तुकडा काढला. मी सवयीने किनार शोधली. किनार कोरी होती.

"हा किती नंबर?"

"नंबर नाय छापला. हाताला विचारा."

मी हात फिरवला. मांजर नव्हती ती, पण चांगली गाय होती. संध्याकाळी विजार तयार झाली. त्यांनी मला ती घालून स्टुलावर चढायला लावलं, उकिडवं बसायला लावलं, मग ओसरीच्या पायऱ्या दोनदोन करून उतरायला लावलं. शेजारची मुलं कुंपणाशी जमली होती. मी सगळं केलं. कोटाच्या पाठीचीही त्यांनी एक शिवण उसवून पुन्हा घातली आणि वाफेवर असा दाबला की तो माझ्याच मापाचा वाटू लागला.

लग्न झालं. निळा कोट आणि राखाडी विजार ही फॅशन आहे असं आमच्याकडच्या लोकांना वाटलं, आणि जगन्नाथरावांनी तर ती आपणच सुचवल्याचं तीन जणांना सांगितलं. चर्चमध्ये मिस्सा, म्हणजे त्यांची मुख्य प्रार्थना, चालू असताना मी दोनदा गुडघे टेकले, दोनदा उठलो. रात्री व्हेरोनिकाबाईंनी मला नाचायला ओढलं. विनयाने मला नाचताना पंचवीस वर्षांत पाहिलं नव्हतं आणि तिच्या चेहऱ्यावरून, पुढची पंचवीस वर्षं बघायची तिची तयारी नसावी. मग स्वप्ना निघाली. तिने मला मिठी मारली, मी तिला सांभाळून राहा म्हटलं आणि आम्ही दोघं रिकाम्या घरी आलो.

पहिले दोन दिवस ठीक गेले. तिसऱ्या दिवशी मी तिच्या खोलीत जाऊन विनाकारण पंख्याची गती बदलली. भेटायला जावंसं वाटत होतं, पण लग्नाला आठवडाही झाला नाही आणि मुलीचा बाप सासरी जाऊन बसलाय, हे कसं दिसेल? विनया म्हणाली, फोन करा. फोन केला की स्वप्ना म्हणायची, मी मजेत आहे, आणि पुढे काय विचारायचं ते मला सुचायचं नाही.

शनिवारी इग्नेशियसरावांचा फोन आला.

"जयवंतराव, पँट कमरेला आवळते का?"

"नाही हो. उत्तम बसते."

"नाय. लग्नात जेवताना तुम्ही वरचं बटण काढलं होतं. मी बघत होतो. उद्या घेऊन या, अर्धा इंच सोडतो."

मी काही बटण काढलं नव्हतं. तरी रविवारी विजार पिशवीत घालून मी आणि विनया गेलो. स्वप्ना ओसरीवर मटार सोलत बसली होती. आम्हाला बघून ती उठली, तेव्हा मला दिसलं की ती रडलेली नव्हती, जराशी जाडच झाली होती. आम्ही दिवसभर बसलो. इग्नेशियसरावांनी अर्धा इंच सोडला.

पुढच्या शनिवारी पुन्हा फोन. आता सैल होत असेल, घेऊन या, अर्धा इंच घेतो. त्याच्या पुढच्या वेळी पायाची दुमड. मग खिसा. मार्चमध्ये मी एकदा विजार घरीच विसरलो आणि रिकाम्या हाताने गेलो. इग्नेशियसरावांनी पिशवीकडे पाहिलं, काही विचारलं नाही, आणि माझ्यासाठी खुर्ची ओढली.